थंडीच्या पहाटे गाडी मागून सरकते: दोष कुठे शोधायचा आणि काय करायचं

डिसेंबर लागला की नाशिक, निफाड, दिंडोरी, सिन्नर भागात एकच तक्रार ऐकू येते. दुपारी सरळ चालणारी गाडी पहाटे वळणावर मागून सरकते. रिकामी पिकअप ब्रेक मारला की तिरकी होते. द्राक्षबागेतून वर डांबरी रस्त्यावर येताना मागचं एक चाक जागेवर फिरत राहतं. गॅरेजमध्ये नेली की अलाइनमेंट होतं, फार तर दोन नवे टायर पडतात आणि तेही पुढे. फेब्रुवारीनंतर ऊन तापलं की त्रास आपोआप थांबतो, आणि पुढच्या डिसेंबरात पुन्हा तेच.

त्रास परत येतो, कारण दुरुस्ती अंदाजाने होते. मागून सरकण्याची कारणं पाच-सहा आहेत आणि प्रत्येकाचा उपाय वेगळा. म्हणून आधी एकच गोष्ट नक्की करा: गाडी सरकते तेव्हा तुमचा पाय नेमका कशावर असतो? एक्सलेटरवर, ब्रेकवर, की नुकताच क्लच सोडलेला असतो? एवढं पक्कं सांगता आलं तर अर्धं निदान तिथेच होतं.

हे सगळं मागच्या चाकांना ताकद मिळणाऱ्या गाड्यांबद्दल आहे. बोलेरो, बोलेरो पिकअप, स्कॉर्पिओ, ईको, जुनी ओम्नी, टाटा एस, इनोव्हा क्रिस्टा, फॉर्च्युनरचं आणि थारचं टू-व्हील-ड्राइव्ह मॉडेल. इनोव्हा हायक्रॉस, एर्टिगा, स्विफ्ट यांची पुढची चाकं ओढतात, त्यामुळे त्यांचं वागणं वेगळं. शंका असेल तर गाडीखाली डोकावा. गिअरबॉक्सपासून मागे जाणारा लांब शाफ्ट आणि मागच्या अॅक्सलच्या मधोमध डिफरन्शियलचा लोखंडी गोळा दिसला, तर ती मागून चालणारी गाडी.

रस्त्यावर बर्फ नसतो, मग घसरतं कशावर?

निफाडच्या कुंदेवाडी गहू संशोधन केंद्रावर पारा ५-६ अंशांपर्यंत उतरल्याच्या बातम्या थंडीत येतात. कडाका वाढला की शेतात पानांवर हिमकण दिसतात. रस्त्यावर मात्र बर्फाचा थर धरत नाही. घसरायला कारण ठरतो तो दहिवर आणि धुळीचा चिखल. पावसाळ्यात मोठी सर रस्ता धुऊन काढते. दव तसं करत नाही. ते जेमतेम ओल देतं आणि त्या ओलीत दिवसभराची धूळ, टायरचा चुरा आणि सांडलेलं डिझेल मिसळून एक पातळ लेप तयार होतो. पहाटे चारपासून साडेआठ-नऊपर्यंत तो राहतो, झाडांच्या सावलीत त्याहून उशिरापर्यंत.

जागा ओळखीच्या आहेत. गोदावरीवरचे आणि ओढ्यांवरचे पूल, कारण पुलाचा पृष्ठभाग वरून आणि खालून दोन्हीकडून थंड होतो आणि दव तिथे आधी धरतं. उड्डाणपुलावरच्या सांध्यांच्या लोखंडी पट्ट्या. गावाच्या तोंडाशी रंगवलेले जाड पांढरे पट्टे. लासलगाव, पिंपळगाव बसवंत, विंचूर इथल्या बाजार आवारांसमोर पडलेली कांद्याची ओली पात आणि टरफलं. बागेतून फवारणी करून निघालेल्या ट्रॅक्टरने रस्त्यावर आणलेला चिखल. उसाच्या ट्रॉलीमागे सांडलेलं पाचट. कसारा घाटाच्या आणि चांदवडजवळ राहुड घाटाच्या वळणांवर, गच्च भरलेल्या टाकीतून ट्रकचं डिझेल सांडतं. दिसायला तो काळसर, इंद्रधनुषी डाग असतो. पहाटेच्या धुक्यात तो दिसतही नाही.

याने किती फरक पडतो ते आकड्यांत बघा. कोरड्या चांगल्या डांबरावर पकड (टायर आणि रस्त्यामधला घर्षणाचा गुणांक) ०.७ च्या आसपास धरली, तर ताशी ६० च्या वेगाला नुसता ब्रेक लागून थांबायला साधारण २० मीटर लागतात. चिखलाच्या लेपावर पकड ०.३ वर आली की तेच अंतर ४७ मीटर होतं. डोळ्याने पाहून पाय ब्रेकवर जाईपर्यंत होणारे १५-१७ मीटर वेगळे. वळणाचंही तसंच. ३० मीटर त्रिज्येचं वळण कोरड्यात ताशी ५० पर्यंत निभावतं, ०.३ पकडीवर त्याची शेवटची हद्द ताशी ३४ आहे. म्हणून रोजच्या ओळखीच्या वळणावर, रोजच्याच वेगाने गाडी सुटते. रोज निभतं म्हणून आजही निभेल, हा हिशोब दहिवरात चालत नाही.

एक्सलेटर दिल्यावर सरकते

उभ्या गाडीने उचलताना किंवा वळणातून बाहेर पडताना मागची चाकं फिरत असतील, तर तीन गोष्टी बघा: मागे वजन किती आहे, टायर कसे आहेत आणि ताकद किती झटक्याने जाते.

टर्बो डिझेल इंजिनाची ताकद सरळ रेषेत वाढत नाही. १,५०० ते २,००० आरपीएमच्या आसपास टर्बो भरतो आणि टॉर्क एकदम चढतो. दुसऱ्या गिअरमध्ये वळण घेताना नेमका तिथेच सुई असली, तर पायाने थोडंच दाबलेलं असूनही मागच्या चाकांवर झटका जातो. उपाय सोपा आहे. तेच वळण तिसऱ्या गिअरमध्ये, कमी आरपीएमवर घ्या. थांबलेल्या ठिकाणाहून ओल्या उतारावर किंवा चिखलात उचलताना दुसऱ्या गिअरमध्ये, एक्सलेटर जवळजवळ न देता, क्लच हळू सोडा. बोलेरोसारखं डिझेल इंजिन नुसत्या आयडलिंगवर गाडी ओढतं.

पाय हळू असूनही झटका बसतो? मग गाडीखाली जा. इंजिन बंद, गाडी सपाट जागेवर, चाकांना उटी, हँडब्रेक ओढलेला आणि गिअर न्यूट्रल. प्रोपेलर शाफ्ट हाताने उलट-सुलट फिरवा. शाफ्टच्या सांध्यातल्या क्रॉसमध्ये खडखड झोल असेल किंवा सुई-बेअरिंगमधून लाल गंजाची पूड येत असेल, तर क्रॉस बदला. झिजलेला क्रॉस एक्सलेटर देता-सोडताना ‘टक्’ करून धक्का देतो. कोरड्या रस्त्यावर तो फक्त ऐकू येतो, ओल्यावर टायर सोडवतो.

ऑटोमॅटिक क्रिस्टामध्ये पहाटे पॉवर मोड लावू नका. इको मोडमध्ये तोच पाय मवाळ पडतो. क्रूझ कंट्रोल तर ओल्या रस्त्यावर बंदच हवा.

ब्रेक मारल्यावर मागून तिरकी होते

यावर जास्त वेळ घालवण्यासारखा आहे, कारण बहुतेक अपघाती गिरक्या इथून सुरू होतात आणि दोष बहुतेक वेळा गाडीत असतो.

ब्रेक दाबला की गाडीचं वजन पुढे झुकतं आणि मागची चाकं हलकी होतात. रिकाम्या पिकअपमध्ये ती आधीच हलकी असतात. अशा वेळी मागच्या ब्रेकला भरलेल्या गाडीइतकाच दाब मिळाला, तर मागची चाकं पुढच्यांच्या आधी जाम होतात. जाम झालेलं चाक बाजूला सरकायला मोकळं असतं, आणि शेपूट पुढे येऊ बघतं.

हे होऊ नये म्हणून बऱ्याच पिकअप आणि व्हॅनमध्ये मागच्या ब्रेकच्या लाइनवर एक व्हॉल्व्ह असतो. मेकॅनिक त्याला एलएसपीव्ही म्हणतात. तो चॅसीवर बसवलेला असतो आणि एका दांड्याने किंवा स्प्रिंगने मागच्या अॅक्सलला जोडलेला असतो. माल भरला की बॉडी खाली बसते, दांडा वर ढकलला जातो आणि मागच्या ब्रेकला जास्त दाब सोडला जातो. गाडी रिकामी झाली की दाब आपोआप कमी. नाशिककडच्या गाड्यांमध्ये यात चार बिघाड वारंवार दिसतात:

१. चिखल आणि गंजाने दांडा माल भरल्याच्या स्थितीतच अडकतो. मग रिकाम्या गाडीलाही पूर्ण दाब.
२. दांड्याचा बुश किंवा स्प्रिंग तुटते आणि ते तारेने बांधून ठेवलं जातं.
३. व्हॉल्व्ह गळतो म्हणून तो काढून लाइन सरळ जोडून दिली जाते. हे काम कुणी ‘तात्पुरतं’ म्हणून करत असेल तर गाडी तिथून बाहेर काढू नका.
४. जास्त माल घालता यावा म्हणून कमानीला, म्हणजे मागच्या पाट्यांच्या स्प्रिंगला, जादा पाटा टाकला जातो. बॉडी उंच होते, दांड्याचं माप चुकतं आणि माल भरलेला असूनही व्हॉल्व्ह गाडी रिकामी समजतो. मग मागे ब्रेक कमी आणि सगळा भार पुढच्या ब्रेकवर.

शेवटच्या प्रकारात आणखी एक तोटा आहे. जादा पाट्यामुळे रिकाम्या गाडीची कमान इतकी कडक होते की खडबडीत रस्त्यावर मागचं चाक उडत चालतं. उडणाऱ्या चाकाला ना ब्रेक लागतो ना पकड मिळते. कमानीचं काही काम झालं की एलएसपीव्हीचं माप गाडीच्या वर्कशॉप मॅन्युअलप्रमाणे, दाबमापक लावून पुन्हा बसवून घ्या. डोळ्याच्या अंदाजाने ते जमत नाही.

घरी करता येईल अशी चाचणी: रिकामी गाडी, कोरडा सरळ मोकळा रस्ता, मागेपुढे कुणी नाही, बाहेर एक माणूस बाजूला सुरक्षित अंतरावर उभा. ताशी ३० वरून एकदा जोरात ब्रेक. एबीएस (ब्रेक मारताना चाकं जाम होऊ न देणारी यंत्रणा) नसलेल्या गाडीत मागची चाकं पुढच्यांच्या आधी घासत असतील, तर मागचा दाब जास्त आहे. ही चाचणी ओल्यावर करू नका.

एबीएस असलेल्या गाडीत चावी फिरवल्यावर एबीएसचा दिवा लागून काही सेकंदांनी विझला पाहिजे. लागलेलाच राहिला तर एबीएस बंद आहे, आणि त्याच्यासोबत पुढे-मागे ब्रेक वाटून देणारी यंत्रणाही बंद असू शकते. पुष्कळदा मागच्या चाकाच्या सेन्सरवर चिखल बसलेला असतो किंवा त्याची वायर उंदराने कुरतडलेली असते. शेतावर उभ्या राहणाऱ्या गाड्यांमध्ये ही वायर आधी तपासा.

तिरकी होण्याची बाजू दर वेळी एकच असेल तर दोष त्या चाकात किंवा त्याच्या समोरच्या चाकात शोधा. मागच्या चाकाच्या आतल्या बाजूला काळपट ओला डाग आणि गंधकासारखा उग्र वास आला, तर अॅक्सलचं ऑइल सील गेलंय आणि गिअर ऑइल ब्रेकच्या लायनरवर उतरतंय. सील बदलण्याआधी अॅक्सलच्या नळ्यावरचा छोटा ब्रीदर उघडून बघा. तो चिखलाने बुजला असेल तर आत दाब साठतो आणि नवं सीलही थोड्या दिवसांत गळायला लागतं. तेल प्यालेले लायनर पेट्रोलने धुऊन परत बसवू नका. ते दोन्ही बाजूंचे एकत्र बदला. वास गिअर ऑइलचा नसेल तर ब्रेकचा व्हील सिलेंडर गळत असतो.

आणि फक्त सकाळच्या पहिल्या दोन-तीन ब्रेकनाच गाडी चावत असेल, नंतर ठीक चालत असेल, तर घाबरण्यासारखं काही नाही. रात्रभराच्या ओलीने ड्रमवर गंजाचा पातळ पापुद्रा धरतो आणि लायनर त्यावर अडकतात. आवारातून निघाल्यावर मुख्य रस्त्याला लागण्याआधी ताशी १५-२० वर तीन-चार वेळा ब्रेक हलका दाबून ड्रम कोरडे करा. रात्री गाडी धुऊन तशीच उभी करण्याची सवय असेल तर थंडीपुरती ती सोडा.

उतारावर गिअर उतरवताना सरकते

पहाटे वाशीच्या मार्केटला निघालेल्या गाड्या कसारा घाटात याच कारणाने सुटतात. एक्सलेटर सोडल्यावर इंजिन गाडीला मागे धरतं, तो इंजिनाचा अडसर फक्त ज्या चाकांना ताकद जाते त्यांनाच लागतो. पुढच्या चाकांवर चालणाऱ्या गाडीत तो पुढे लागतो, जिथे उतारावर वजन असतं. आपल्या गाड्यांमध्ये तो मागे लागतो, आणि उतारावर मागची चाकं हलकी असतात. चौथ्यातून सरळ दुसरा टाकून क्लच एकदम सोडला, की मागची चाकं क्षणभर जवळजवळ जाम होतात. हँडब्रेक ओढल्यासारखाच परिणाम.

घाट उतरण्याची पद्धत अशी ठेवा. उतार सुरू होण्याआधी, सरळ रस्त्यावर ब्रेकने वेग कमी करा. जो गिअर तोच घाट चढायला लागला असता, साधारण तोच उतरायला टाका. गिअर एकेक करून उतरवा. क्लच सोडण्याआधी एक्सलेटरला हलका टिचका देऊन इंजिनाचा वेग चाकांशी जुळवा आणि मग क्लच सावकाश सोडा. वळणात गिअर बदलू नका. न्यूट्रलवर घाट उतरणं तर पूर्ण वर्ज्य. सगळा भार ब्रेकवर येतो आणि खाली पोचेपर्यंत लायनर तापून ब्रेक बसतो.

गिअर टाकल्याक्षणी मागचा भाग सुटला, तर ताबडतोब क्लच दाबा. मागची चाकं मोकळी होतात, पुन्हा फिरायला लागतात आणि पकड परत येते. त्या वेळी ब्रेक दाबला तर उरलेली पकडही जाते.

याच कुळातली दुसरी चूक म्हणजे वळणात घाबरून एक्सलेटरवरून पाय एकदम उचलणं. वजन पुढे झुकतं, मागे हलकं होतं आणि वर इंजिनाचा अडसरही मागेच लागतो. नांदुरीहून सप्तशृंगगडावर किंवा पेठ रस्त्याच्या सावळ घाटात वळणाआधीच वेग उतरवा आणि वळणात एक्सलेटर जिथे आहे तिथेच, अगदी थोडा, धरून ठेवा.

काहीच न करता सरकते किंवा तिरकी चालते

मागून येणाऱ्याला गाडी कुत्र्यासारखी तिरपी पळताना दिसत असेल, तर अॅक्सल जागेवरून हलला आहे. कमानीचा सेंटर बोल्ट तुटला की पाटा आणि अॅक्सल एकमेकांवर सरकतात. दोन्ही बाजूंना कमानीच्या पुढच्या खिळीपासून अॅक्सलपर्यंतचं अंतर टेपने मोजा. फरक दिसला तर यू-बोल्ट, सेंटर बोल्ट आणि शॅकलचे बुश उघडून बघा. नवे यू-बोल्ट बसवल्यावर माल घालून थोडं चालवल्यानंतर एकदा पुन्हा आवळून घ्यावे लागतात. हे पुष्कळ ठिकाणी राहून जातं. पुढच्या चाकांचं अलाइनमेंट कितीही वेळा केलं तरी हा दोष जात नाही.

टायर आणि हवा

दोनच नवे टायर घ्यायचे असतील तर ते मागे टाका. ‘स्टिअरिंग पुढे, म्हणून नवे पुढे’ ही समजूत आपल्याकडे घट्ट आहे आणि ती चुकीची आहे. पुढची पकड सुटली तर गाडी सरळ जाते, वेग कमी केला की सावरते. मागची सुटली तर गाडी फिरते, आणि फिरलेली गाडी सावरणं फार थोड्यांना जमतं.

टायरच्या खाचांमध्ये तळाशी छोटे उंचवटे असतात. खाच तिथपर्यंत झिजली म्हणजे १.६ मिलिमीटर उरले. कायद्याची मर्यादा तीच. दहिवरासाठी मात्र मागे किमान ३ मिलिमीटर असू द्या. गोटा झालेला टायर कोरड्यात चालतो म्हणून पहाटेही चालेल असं नाही. रिमोल्ड (जुन्या टायरवर नवं रबर चढवलेले) वापरायचेच असतील तर एका अॅक्सलवर दोन्ही सारखे, एकाच नक्षीचे घ्या. डाव्या-उजव्या टायरच्या घेरात फरक असला तर डिफरन्शियल सतत फिरत राहतं आणि पकडही दोन बाजूंना वेगळी मिळते.

टायरच्या बाजूवर चार आकडे असतात: ३५२१ म्हणजे २०२१ सालचा ३५ वा आठवडा. पाच-सहा वर्षांनंतर खाच शिल्लक असली तरी रबर कडक होतं. थंडीत ते आणखी कडक.

आता हवा. तापमान १० अंशांनी उतरलं की कारच्या ३५ पीएसआयच्या टायरमध्ये दीड-दोन पीएसआय कमी होतात. दुपारी ३० अंशांत तापलेल्या टायरमध्ये भरलेली हवा पहाटे १० अंशांत तीन-साडेतीनने कमी भरेल, आणि दुपारी गाडी चालून टायर तापलेले असतील तर तफावत याहून मोठी. म्हणून हवा सकाळी, गाडी एक-दोन किलोमीटरपेक्षा जास्त चालायच्या आत तपासा. आकडा ड्रायव्हरच्या दारालगतच्या पट्टीवरचा धरा. टायरवर कोरलेला आकडा कमाल मर्यादेचा असतो, तो भरायचा नसतो.

पिकअपमध्ये उलटी चूक होते. माल भरताना मागच्या टायरमध्ये भरलेली जास्तीची हवा माल उतरवल्यावर तशीच राहते. मग रिकाम्या गाडीचा टायर मध्यावरच टेकतो आणि टणटण उडतो. मॅन्युअलमध्ये रिकाम्या आणि भरलेल्या गाडीसाठी वेगळे आकडे असतील तर परतीच्या प्रवासाआधी हवा उतरवा. पकड मिळावी म्हणून पट्टीवरच्या आकड्याच्याही खाली मात्र जाऊ नका. टायर कडेने तापतो आणि वळणात रिमवर लोळतो.

रिकाम्या पिकअपला वजन

जुन्या सिमेंटच्या गोण्यांत अर्ध्यापर्यंत कोरडी वाळू भरली की एक गोणी साधारण २५ किलोची होते. अशा चार गोण्या, म्हणजे १०० किलो, पहाटे रिकाम्या जाणाऱ्या पिकअपला पुरतात. मागच्या अॅक्सलवर समजा ७०० किलो येत असतील, तर पकड सातव्या हिश्श्याने वाढली.

जागा महत्त्वाची आहे. गोण्या बरोबर अॅक्सलवर किंवा किंचित पुढे ठेवा. फाळक्याला टेकवून अगदी मागे ठेवल्या तर पुढची चाकं उचलली जातात आणि स्टिअरिंग हलकं पडतं. हौद्याच्या हुकांना दोरीने आवळून बांधा. जोराच्या ब्रेकला सुटी गोणी केबिनवर येते. माल भरताना काढून ठेवा, नाहीतर ते वजनही पासिंगच्या हिशोबात धरलं जाईल. सीएनजी ईकोमध्ये टाकी मागेच असते, तिला हे वजन लागत नाही. पण शेपूट जड असल्याने ती एकदा फिरायला लागली की सावरायला जास्त वेळ घेते, हे चालवताना लक्षात असू द्या.

सुटलीच तर

नजर पुढच्या ट्रकवर किंवा कठड्यावर ठेवू नका. जिथे जायचं आहे त्या रस्त्याकडे बघा. एक्सलेटर हलकेच कमी करा, ब्रेक नको. शेपूट ज्या बाजूला जातंय त्याच बाजूला स्टिअरिंग वळवा: मागचा भाग उजवीकडे सरकतोय तर स्टिअरिंग उजवीकडे. गाडी सरळ व्हायला लागली, की ती पूर्ण सरळ होण्याआधीच स्टिअरिंगही सरळ करायला घ्या. इथे उशीर झाला की गाडी उलट्या बाजूला झोका घेते, आणि हा दुसरा झोका पहिल्यापेक्षा मोठा असतो. गाडी पूर्ण फिरली आणि आता सावरत नाही असं दिसलं, तर क्लच आणि ब्रेक दोन्ही पूर्ण दाबून धरा.

पुढच्या चाकांवर चालणारी गाडी सुटली तर थोडा एक्सलेटर देऊन सरळ करता येते. तो हात घेऊन ईको किंवा बोलेरोवर बसलात आणि तसंच केलंत, तर गिरकी पक्की. एखाद्या सकाळी मालकाच्या परवानगीने मोकळं ओलं मैदान मिळालं, तर ताशी २० च्या आत, जाणकार शेजारी बसवून हे हाताला शिकवा. रस्त्यावर शिकायला वेळ मिळत नाही.

धुक्यात डिपर खालीच ठेवा. अप्परचा उजेड धुक्यावरून परत डोळ्यात येतो. चालत्या गाडीचे चारही इंडिकेटर लावू नका, वळताना मागच्याला काहीच कळत नाही.

बागेत किंवा मुरमाच्या चढावर अडकली तर

एक चाक फिरतंय आणि दुसरं गप्प उभं आहे, याचा अर्थ साधं डिफरन्शियल सोप्या बाजूला ताकद सोडतंय. एक्सलेटर वाढवून उपयोग नाही, चाक खड्डा खणतं. आधी फिरणाऱ्या चाकासमोरचा चिखल फावड्याने काढा. बारदान लांबीच्या दिशेने, चाकाच्या अगदी तोंडाशी खोचा. मागची चाकं ओढतात, म्हणून बारदान मागच्याच चाकांना. ते चाकाखालून जोरात मागे फेकलं जातं, त्यामुळे गाडीच्या मागे कुणीही उभं राहू नये. स्टिअरिंग सरळ, दुसरा गिअर, क्लच सावकाश.

तरीही एकच चाक फिरत असेल तर हँडब्रेक बटण दाबून धरून थोडा, दोन-तीन टिचक्यांपुरता ओढा आणि तसाच धरून हलका एक्सलेटर द्या. फिरणाऱ्या चाकाला अडथळा झाला की ताकद दुसऱ्या चाकाकडे वळते. गाडी निघाली की लगेच सोडा. हँडब्रेक मागच्या चाकांवर, केबलने काम करणारा असेल तरच हे जमतं. बोलेरो निओच्या वरच्या मॉडेलमध्ये आपोआप लॉक होणारं डिफरन्शियल मिळतं. तिथे एक्सलेटर एकसारखा धरा आणि लॉक होण्याची वाट बघा, पाय वर-खाली करू नका. ट्रॅक्शन कंट्रोल (चाक जागेवर फिरू लागलं की ताकद कमी करणारी यंत्रणा) असलेल्या गाडीत खोल चिखलात इंजिन दबत असेल तर ते बटणाने तेवढ्यापुरतं बंद करा आणि डांबरावर येताच चालू करा.

नाशिकहून बर्फात नेणार असाल तर

नाताळात स्कॉर्पिओ किंवा क्रिस्टा घेऊन मनाली-काश्मीरला जाणारे पुष्कळ आहेत. तिथे वर सांगितलेल्या पकडीचा हिशोब आणखी खाली येतो: दाबलेल्या बर्फावर ०.२ च्या आसपास, गोठलेल्या काचेसारख्या थरावर ०.१. आपले टायर ७ अंशांखाली कडक होतात. टायरवर एम अधिक एस लिहिलेलं असणं पुरेसं नाही, ती फक्त नक्षीची खूण आहे. डोंगर आणि त्यात हिमकणाचं चित्र असलेले टायर खरे हिवाळी, आणि ते चारही लागतात.

साखळ्यांची एकच जोडी असेल तर ती मागच्या चाकांना लावा. टायरच्या मापाच्याच घ्या, घरीच एकदा कोरड्या जागेवर चढवून-उतरवून बघा, आणि तिथे लावल्यावर शे-दोनशे मीटर जाऊन पुन्हा आवळा. वेग ताशी ४० च्या आत. बर्फ संपून डांबर लागलं की काढा, नाहीतर साखळी तुटून ब्रेकचा पाइप कापते. अटल बोगद्यापलीकडे बर्फ पडल्यावर पोलीस अनेकदा फक्त फोर-व्हील-ड्राइव्ह गाड्याच पुढे सोडतात, तेव्हा परत फिरायची तयारी ठेवा.

इथे भरलेलं डिझेल तिथल्या थंडीत मेणासारखं घट्ट होऊन फिल्टर बुजवू शकतं. टाकी अर्ध्यावर आली की तिथल्या पंपावर भरा. लडाखसाठी इंडियन ऑइलने २०१९ मध्ये उणे ३३ अंशांपर्यंत प्रवाही राहणारं डिझेल आणलं आहे. रेडिएटरमध्येही नुसतं पाणी नको, अर्धं कूलंट हवं. रात्री गाडी लावताना सपाट जागा बघा, पहिल्या गिअरमध्ये ठेवून चाकांना दगड लावा. हँडब्रेक ओढून ठेवला तर सकाळी लायनर ड्रमला गोठून चिकटलेले असतात.